चिलाटीचा वेढा

"आभाळ वरच्या अंगाले हाय," आत्याबाई म्हणाल्या. "आपल्याकडं नाई येत."

त्या वाळूत उकिडव्या बसल्या होत्या. डोळ्यांवर हाताची सावली धरून त्या नदीच्या वरच्या बाजूला बघत होत्या. तिकडं आभाळाचा कोपरा काळानिळा झाला होता आणि मधूनच त्यात वीज हलत होती. आमच्या डोक्यावर मात्र ऊन रखरखत होतं. पायाखालची वाळू इतकी तापली होती, की मी एक पाय उचलून दुसरा ठेवत उभी होते.

 आत्याबाईंना, म्हणजे माझ्या सासूला, उत्तर लागत नसे, ऐकणारं माणूस लागे, आणि लग्न होऊन आल्यापासून ते काम माझ्याकडं होतं.

आमची डांगरवाडी नदीच्या पात्रात होती. आम्ही भोई. पावसाळा सरला, पाणी आटलं की नदीच्या वाळूत नाल्या खणायच्या, खाली ओल लागली की शेणखत टाकून बी लावायचं, वाऱ्यानं वाळू उडू नये म्हणून तुराट्यांचे कुड उभे करायचे आणि घागरीनं पाणी घालून वेल जगवायचे. चैत्र-वैशाखात डांगरं, म्हणजे खरबुजं, आणि टरबुजं पिकतात. पहिला पूर येईपर्यंत नदी आमची, मग ती आपली जागा आमच्याकडून परत घेते. त्या दिवशी वैशाख लागून थोडेच दिवस झाले होते. वेल फळांनी लगडले होते आणि निम्मी फळं अजून कच्ची होती.

चिलाटी ही काही मोठी नदी नाही. तिचा उगम दाखवा म्हटलं तर दाखवण्यासारखं तिथं काही नाही, मुरमाड माळावरच्या दोन बांधांच्या मधली एक ओल आहे, एवढंच. तिथून ती गवताच्या माळामाळानं येते. काठाला झाड नाही, आडवा डोंगर नाही, दगड नाही. माळावर पाऊस पडला तर तो मुरतच नाही, सगळा वाहून तिच्यात येतो. म्हणून ती येते तेव्हा एकदम येते, आणि वर पडलेल्या पावसाचा खाली वाकोडीत पत्ताही नसतो.

वाकोडीजवळ आल्यावर मात्र ती एक चाळा करते. सरळ पुढं जायला मोकळं रान असताना ती वळते, पार गावाच्या शिवेपर्यंत जाते आणि मोठा फेरा मारून जिथून वळली जवळपास तिथंच परत येते. मग पुन्हा आपल्या वाटेनं चालू लागते. या फेऱ्याला गावात वेढा म्हणतात. वेढ्याची दोन टोकं इतकी जवळ, की मधे फक्त मातीची एक चिंचोळी पट्टी. वरच्या टोकाला उभा माणूस ओरडला तर वारा नसताना खालच्या टोकाला ऐकू जाई. नवीन लग्न झालं तेव्हा माझ्या नवऱ्यानं, नथ्थूनं, मला सांगितलं होतं की नदी इथं काहीतरी विसरली होती, म्हणून माघारी आली. पहिल्या महिन्यात नवरे असं काहीबाही बोलतात.

वेढ्याचा आम्हाला एक फायदा होता, आणि सगळी गोष्ट त्याचीच आहे. वरच्या टोकाला माझ्या भासऱ्यांची, म्हणजे नवऱ्याच्या थोरल्या भावाची वाडी होती. खालच्या टोकाला आमची. पुराचं पाणी आधी त्यांच्याकडं येणार, मग सगळा वेढा फिरून आमच्याकडं पोचणार. वेढ्याच्या वाळूत आणि डोहांत ते रेंगाळे. म्हणून सासऱ्यांच्या वडिलांपासून रीत अशी, की वर आभाळ भरलं की खालच्यांनी काठावर जाऊन बसायचं, पण फळाला हात लावायचा नाही. कारण दहा वेळा आभाळ भरतं तेव्हा एकदा पाणी येतं, आणि कच्चं फळ एकदा तोडलं की ते गेलंच. वरच्या टोकाला बाभळीला तेलाचा एक रिकामा डबा टांगलेला असे. पाणी दिसलं की वरच्यांनी तो लाकडानं बडवायचा. डबा वाजला की खालच्यांनी पात्रात उतरायचं, सगळा माल तोडायचा आणि पट्टीवरच्या झोपडीपाशी रचायचा. तेवढा वेळ नक्की मिळे. डबा म्हणजे 'पळा' असं नव्हतं. डबा म्हणजे 'उतरा, वेळ आहे'.

त्या वर्षी अडचण अशी होती, की वरच्या टोकाचं आणि खालच्या टोकाचं बोलणं बंद होतं.

भासऱ्यांचं नाव चिंधू. आधीची दोन लेकरं राहिली नाहीत म्हणून आत्याबाईंनी असं नाव ठेवलं होतं, कोणाची नजर लागू नये असं. त्या हिवाळ्यात, नाल्या खणायच्या आधी, ते आमच्या झोपडीत आले होते. मी चुलीपाशी पदर ओढून पाठमोरी बसले होते. मायलेकांचं काय बोलणं झालं ते मला धड कळलं नाही, कारण ते बाहेर बाभळीखाली गेले. ओरडा तेवढा ऐकू आला. भासरे गेल्यावर आत्याबाई आत येऊन म्हणाल्या, "माही वाडी पायजे त्याले. म्हने, आई, यंदा खालतं लावू नोको. त्याच्या बायकोनं शिकवून धाडलं." खालच्या टोकाची वाळू जास्त ओलीची, तिथं फळ गोड धरे, हे सगळ्यांना माहीत होतं. मला ते पटलं. नव्या सुनेला जे सांगितलं जातं ते पटतंच.

आणि मी कधी भासऱ्यांना विचारणं शक्य नव्हतं. आमच्यात भासरा आणि भावजय एकमेकांशी बोलत नाहीत. समोर येत नाहीत, एकाच खाटेवर, एकाच चटईवर बसत नाहीत, आणि हात लागणं तर लांबच. त्यांना माझ्यासाठी निरोप असला तर ते भिंतीकडं बघून "घरात सांगा" म्हणत. मी त्यांचा चेहरा सुद्धा नीट पाहिला नव्हता. पाठमोरे, दूरवर, वाळूत वाकलेले, एवढीच माझी ओळख.

नथ्थू सकाळीच गाडी भरून बाजाराला गेला होता. वाडीवर मी आणि आत्याबाई दोघीच होतो.

रीतीप्रमाणे आम्ही पट्टीच्या काठावर, झोपडीच्या सावलीला जाऊन बसलो. टोपल्या तयार ठेवल्या. आत्याबाईंनी विळा दगडावर घासून ठेवला. मग आम्ही वाट बघू लागलो.

वाट बघणं हे काम मला कधी जमलं नाही. मी उठून पट्टीवर दोन पावलं गेले आणि वरच्या टोकाकडं बघितलं. पट्टीवर गेल्या दोन वर्षांत कोणा बाहेरच्या माणसानं वीटभट्टी घातली होती. मातीसाठी खणलेले खड्डे मधोमध पसरले होते, माणूस उभा मावेल एवढे खोल. भट्टी बंद पडली, खड्डे तसेच राहिले. त्यांच्या पलीकडं बाभळी, आणि बाभळींच्या पलीकडं भासऱ्यांची वाडी. तिकडं काही हालचाल दिसत नव्हती.

वाऱ्याची दिशा बदलली. मला ओल्या मातीचा वास आला. आत्याबाईंनाही आला असणार, कारण त्या उठून उभ्या राहिल्या आणि कान देऊन ऐकू लागल्या. आम्ही दोघी ऐकत होतो. चिमण्या, वारा, आणि झोपडीच्या ताटीची करकर. डबा नाही.

बराच वेळ गेला. वरचं आभाळ आता निम्म्या माळावर उतरलं होतं. त्याच्या खाली पावसाचे पडदे स्पष्ट दिसत होते.

"एवढा पाऊस पडून पानी कसं येत नाई," आत्याबाई म्हणाल्या.

"येतच असंन. मग डबा वाजनच न," मी म्हणाले.

त्यांनी माझ्याकडं बघितलं. त्या नजरेत मला पहिल्यांदाच कीव दिसली, आणि मला ती मुळीच आवडली नाही.

"तो नाई वाजोत, बाई," त्या म्हणाल्या. "त्याले वाटते, बुडू दे बुढीची वाडी. मंग पुढच्या साली आपोआप सोडते."

असं कोणी आपल्या पोटच्या लेकाबद्दल बोलतं का, असं मला वाटलं. पण डबा वाजत नव्हता हेही खरं होतं. मला भीती वाटायला लागली. पाण्याची नव्हे, या बाईचं बोलणं खरं निघेल याची.

त्यांनी पदर खोचला, विळा घेतला आणि टोपली उचलली. मी म्हणाले, आत्याबाई, आपण वरच बसू, रीतच तशी आहे. त्या म्हणाल्या, रीत दोघांनी पाळायची असते. त्यानं सोडली, मीही सोडली. डबा वाजेल म्हणून बसून राहिले तर वर्षाची मेहनत जाईल, आपलं आपण तोडू, निम्मं तरी हाती लागेल. आणि त्या काठ उतरून पात्रात गेल्या.

मी वर उभी राहिले. मला जायचं नव्हतं, पण साठीची बाई एकटी वाळूत वाकून फळं तोडतेय आणि तिची सून काठावर उभी राहून बघतेय, हे मला झेपेना. मीही उतरले.

आम्ही तोडायला लागलो. पिकलं, अर्धं पिकलं, हिरवं, काही बघितलं नाही. देठ कापायचा, फळ टोपलीत, टोपली भरली की काठाशी नेऊन रिकामी करायची. मी दर फेरीला मान वर करून वेढ्याच्या वळणाकडं बघत होते. पाणी येणार तर तिथूनच. वळणापाशी पात्र कोरडं, पांढरं होतं. एक टिटवी तिथं निवांत चालत होती. तिला बघून मला थोडा धीर आला.

असंच टोपली उचलून वळले आणि मला पट्टीवर माणूस दिसला.

तो खड्ड्यांच्या कडेकडेनं पळत येत होता. उघडा, धोतर गुडघ्याच्या वर खोचलेलं, दोन्ही हात हवेत. ओरडत असावा, पण वाऱ्यात त्यातलं काही आमच्यापर्यंत येत नव्हतं. पळण्यावरूनच मी ओळखलं. वाळूत वाकलेली ती पाठ मी रोज लांबून बघत होते. मी पदर पुढं ओढला. अशा वेळी सुद्धा हात आधी पदराकडंच गेला, याचं मला आज हसू येतं.

"आत्याबाई, वरतून येऊन राहिले," मी म्हणाले. भासऱ्यांचं नाव घेता येत नव्हतं.

आत्याबाईंनी वाकल्या वाकल्या बघितलं आणि सरळ झाल्या. त्यांच्या हातात विळा होता, तो त्यांनी खाली ठेवला नाही.

भासरे काठावरून उडी मारून वाळूत पडले, उठले आणि वेलींवरून, फळांवरून पाय देत आले. दम लागल्यानं त्यांना बोलता येत नव्हतं. आम्ही लेकरासारखे जपलेले वेल त्यांच्या पायाखाली चिरडत होते आणि आत्याबाईंचा चेहरा काळवंडत चालला होता.

"आई, चाल," ते म्हणाले. "पल्याड चाल. बिगी."

"कायले?"

"पानी आलं."

"कुठी हाय पानी?" आत्याबाईंनी विळ्यानं वळणाकडं दाखवलं. वळण कोरडंच होतं. टिटवी अजून तिथंच होती. "डबा नाई वाजला. मले डबा नाई आयकू आला."

"डब्याचं सोड. पट्टीतून येते ते. झोपडीकडं नोको जाऊ, पल्याड चाल."

"माही झोपडी सोडून मी पल्याड जाऊ? आन तू काय करशीन इथं? पट्टीतून कुठी नदी येत असते का? आजवर आली का?"

 भासरे सरळ आईकडं गेले आणि तिला कमरेला धरून उचलू लागले. आत्याबाईंनी अंग झाडलं. त्यांचा हात वर गेला, खाली आला, आणि भासऱ्यांच्या दंडापासून कोपरापर्यंत एक लाल रेघ उमटली. पहिल्यांदा तिच्यातून काहीच आलं नाही, मग रक्त ओघळायला लागलं.

 आत्याबाई आपल्याच हाताकडं बघत उभ्या राहिल्या. विळा वाळूत पडला.

तेवढ्यात मला तो आवाज आला. वळणाकडून नाही, आमच्या पाठीमागून. पोत्यातून जोंधळा ओतावा तसा, जमिनीच्या आतून. मी मागं बघितलं. पट्टीच्या काठावर, आमच्या झोपडीच्या बाजूला, माती ओली झाली होती. काठाच्या अंगातून पाणी झिरपत होतं, जिथं कधी पाणी नव्हतं तिथून. बघता बघता मातीचा एक ढेकूळ सुटून खाली पडला.

भासऱ्यांनी आईला खांद्यावर टाकलं. या वेळी तिनं हात उचलला नाही. ते पलीकडच्या काठाकडं पळायला लागले, आणि मी त्यांच्या मागं.

आमच्या भागात पात्र रुंद आहे. एरवी त्याचा अभिमान वाटायचा. त्या दिवशी ते संपेचना. वाळूत पाय रुतत होते, त्यात आम्हीच खणलेल्या नाल्या आडव्या येत होत्या. भासरे एकेक नाली ओलांडत होते, आत्याबाईंचं डोकं त्यांच्या पाठीवर आपटत होतं. मागं एक मोठा आवाज झाला. मी वळून बघितलं नाही, पण आत्याबाईंचं तोंड मागं होतं, त्या बघत होत्या. त्यांच्या चेहऱ्यावरून मला कळलं की झोपडी गेली.

शेवटच्या नालीत माझा पाय गेला आणि गुडघ्यापर्यंत रुतला. खालून ओल वर चढत होती, वाळू पातळ झाली होती. मी ओढायला लागले तसा दुसराही पाय जायला लागला. पाण्याचा फेस आता वेलींतून येत होता, आधी काटक्या, कचरा, मग फळं. आमचीच टरबुजं तरंगत माझ्याकडं येत होती.

भासरे काठाला पोचले होते. त्यांनी आईला वर ढकललं आणि मागं बघितलं. मी नालीत, ते काठाशी. मधे चार पावलं. ते तिथंच थांबले. मला माहीत होतं का थांबले. त्या पाण्यात सुद्धा आम्हा दोघांना ते माहीत होतं.

"हात दे, पोरी," ते म्हणाले.

ते माझ्याशी बोललेले पहिले शब्द. ते पुढं आले आणि मी हात दिला. त्यांनी मनगट धरून असं ओढलं की माझ्या खांद्यातून कळ गेली, ती कळ थंडीत मला अजून येते. त्यांच्या दंडाचं रक्त माझ्या हातावर आलं. आम्ही काठावर चढलो, आत्याबाईंनी वरून माझ्या पदराला धरून ओढलं, आणि खाली आम्ही जिथं होतो तिथून पाणी गेलं.

मग आम्ही तिघं काठावर बसून बघत राहिलो. चिलाटी सरळ वाहत होती. पट्टीच्या मधोमध, भट्टीच्या खड्ड्यांमधून, तिनं वाट काढली होती आणि दोन्ही बाजूंची माती भराभर खाऊन ती वाट रुंद करत होती. वेढ्याच्या वळणाकडून पाणी आलं ते खूप उशिरा, आणि अगदी थोडं. इतक्या वर्षांचा फेरा तिनं एका दुपारी सोडून दिला. ज्या पट्टीवर आम्ही डबा ऐकून माल रचणार होतो, तीच आता नदी होती.

 भासरे आमच्याकडं पाठ करून बसले होते, पुन्हा पहिल्यासारखे. आत्याबाई त्यांच्या दंडाकडं बघत नव्हत्या. मी पदर ओढून बसले होते आणि मला थंडी वाजत होती, वैशाखात.

चिलाटीचा पूर जसा येतो तसा जातो. दिवस मावळायला आला तोवर पाणी कंबरेपर्यंत उतरलं. खाली पात्र पसरतं तिथल्या उतारातून नदी ओलांडून गावातली चार-सहा माणसं आली, आणि त्यांच्या आधारानं माझी थोरली जाऊ, गोपिकाबाई. ती वाडीवरून माळाच्या उंच बाजूला पळाली होती. रडून तिचे डोळे सुजले होते. आम्हाला जिवंत बघून ती खाली बसली, आणि मग उठून नवऱ्यावर तुटून पडली.

लोकांसमोर तिनं सगळं सांगितलं. पाणी दिसताच ती डबा वाजवायला धावली होती. लाकूड हातात घेतलं होतं. भासऱ्यांनी डबा बाभळीवरून ओढून काढला आणि नदीत फेकला.  नुसतं "माळावर चढ" म्हणाले आणि पळत सुटले. "मले वाटलं, ह्या मानसानं आईचा जीव घ्याचं ठरवलं," ती म्हणाली. "मी माळावर बसून तेच म्हनत होती. कसा डबा फेकवला तुम्हाले? कसा हात उचलला?"

माणसं भासऱ्यांकडं बघायला लागली. रीत सगळ्या गावाला ठाऊक होती. डबा न वाजवणं म्हणजे काय, हेही ठाऊक होतं. एका म्हाताऱ्यानं मान हलवली. दुसरा भासऱ्यांच्या दंडाकडं बोट दाखवून म्हणाला, "आन हे काय झालं?"

"चिलाटीचा काटा लागला," भासरे म्हणाले.

चिलाटी हे आमच्याकडच्या काटेरी झुडपाचं नाव, नदीला त्यावरूनच नाव पडलं. पण चिलाटीचा काटा असा ओरखडत नाही, हे तिथल्या प्रत्येकाला कळत होतं. 

आत्याबाई आता पहिल्यांदा लेकाकडं वळल्या.  मला वाटलं, ही बाई आता सगळ्या गावासमोर याला उभा चिरणार.

"डबा वाजोला असता त," त्या सावकाश म्हणाल्या, "माहा माल वाचला असता."

भासरे मातीत बोटानं काहीतरी करत होते. "डबा वाजोला असता त तू खालतं उतरली असती, आई. तुले वाटलं असतं, येढा फिरून येऊस्तोवर वेळ हाय. माल काढून पट्टीवर रचत बसली असती. दोघी जनी." ते थांबले. "आन नाई वाजोला, तरी तू उतरतेच, हे मले ठाव होतं. म्हनून पळालो."

गोपिकाबाईंचं रडणं थांबलं.

"आधी सांगाले काय झालतं?" आत्याबाई म्हणाल्या, पण त्यांचा आवाज आता पहिल्यासारखा नव्हता.

"सांगतलं होतं," भासरे म्हणाले. "हिवाळ्यात. बाभळीखाली. म्हटलं, आई, भट्टीवाल्यानं पट्टी खाल्ली, ह्या साली नदी येढा नाई घेनार. यंदा खालतं लावू नोको."

मला ते वाक्य आठवलं. अर्धं वाक्य. आत्याबाईंनी घरात आणलं होतं ते अर्धंच होतं, आणि मी हिवाळ्यापासून तेवढ्याच अर्ध्यावर त्या माणसाला ओळखत होते.

 नदी खाली वाहत होती, सरळ, जणू नेहमी तशीच वाहत आलीय. मग आत्याबाई उठल्या. त्यांना उठायला त्रास झाला, मी हात पुढं केला, तो त्यांनी घेतला नाही. मघाशी मान हलवणाऱ्या म्हाताऱ्यासमोर जाऊन त्या उभ्या राहिल्या.

"काटा नाई हाय तो," त्या म्हणाल्या. "म्या मारला इळा. ह्या हातानं."

त्यांनी लुगड्याचा काठ दातानं फाडला आणि लेकाशेजारी बसून त्याचा दंड बांधायला लागल्या. भासऱ्यांनी हात पुढं केला. लोक हळूहळू दुसरीकडं बघायला लागले, आणि मी सुद्धा.

माझा हात धरल्याबद्दल मला धास्ती होती. ते बघणारी एकच होती, आत्याबाई. तिनं ते जन्मात कधी काढलं नाही.

आता वेढ्यात बेशरमाची झाडं माजलीत. पावसाळ्यात तिथं पाणी साचतं, बाकी वर्षभर म्हशी चरतात. सरकारी नकाशात मात्र नदी अजून फेरा मारूनच येते. तलाठ्याला मी एकदा म्हटलं, तर तो म्हणाला, बाई, मोजणी व्हायची आहे. होऊ दे.

त्या वर्षीच्या कार्तिकात आम्ही नव्या सरळ पात्रात नाल्या खणल्या. भासऱ्यांची वाडी वर, आमची खाली, मधे आता काहीच नाही, नुसती वाळू. आत्याबाईंनी गावातल्या दुकानातून तेलाचा एक रिकामा डबा मागून आणला. तो राखेनं घासला, तारेनं त्याला कडी केली आणि माझ्या हातात दिला. वर नेऊन दे म्हणाल्या. मी विचारलं, मी कशी देऊ? जाऊबाईंजवळ देते. त्या म्हणाल्या, त्यालाच दे. आणि मी काय सांगते ते त्याला तुझ्या तोंडानं सांग.

मी गेले. भासरे बाभळीखाली कुड बांधत होते. मला बघून ते सवयीनं पाठ वळवायला लागले. मी डबा त्यांच्यापुढं वाळूत ठेवला आणि पदर न ओढता उभी राहिले.

"आत्याबाईनं सांगतलं," मी म्हणाले, "वाजवाचा का फेकाचा, ते तुमचं तुम्ही पाहा."

त्यांनी डब्याकडं बघितलं. मग माझ्याकडं. मग उठले आणि डबा बाभळीला बांधला.